चैतूचं कापड

सावरबोडी, सिंदेवाहीच्या पुढं
११ फेब्रुवारी १९५४

उमाभाऊ,

नमस्कार घालायचा की नाही यात अर्धी सकाळ गेली. आपल्या धानाच्या मिलमध्ये हमालांच्या देखत तू माझ्या कानाखाली वाजवलीस आणि मी तुझा हात पिरगाळला. त्यानंतर नमस्कार कोणत्या तोंडानं लिहू? तो राहू दे. माय विचारत असेल म्हणून लिहितो. तिला सांग, मुखरू धडधाकट आहे, दोन्ही वेळा जेवते, साधूबिधू झालेला नाही.

नागपूरचं कॉलेज सोडलं हे खरं. इंटरचं वर्ष अर्ध्यात सोडलं हेही खरं. आपल्या गावात, मूलला, कुणी काय उठवलं असेल ते असो. मी इथं विणकाम शिकून राह्यलो.

इथले लोक ताणेकरी म्हणवतात. यांचा धर्मच वेगळा. देऊळ नाही, मूर्ती नाही, भटजी नाही. घरोघरी जमिनीत कमरेइतका खड्डा. त्यात पाय सोडून माणूस मागावर बसते, आणि तो खड्डाच यांचा देव्हारा. पाय धुतल्याबिगर त्यात उतरायचं नाही. ताण्याचे उभे धागे ओलांडायचे नाहीत. खाली पावडीवर, म्हणजे पायानं दाबायच्या फळीवर, पाय असेपर्यंत खोटं बोलायचं नाही. बोललं तर ताणा तुटते म्हणतात. सकाळी धोट्याचा पहिला खटका ऐकू आला की बाया हातातलं टाकून कपाळाला हात लावतात. सुरुवातीला मला हसू येत होतं. आता माझाही हात वर जाते.

तुला वाटेल पोराला कोशाच्या रेशमाच्या धंद्याचा नाद लागला. मीही तसंच लिहिणार होतो. पण तू सिंदेवाहीत चौकशी करशील आणि कळेलच. एक बाई आहे. गोकुळा. दिवाळीच्या सुट्टीत तिला सिंदेवाहीच्या बाजारात पाहिली. खांद्यावर कोशाचं धोतर टाकून उभी होती, आणि एक गिऱ्हाईक भाव पाडून मागत होतं. ती म्हणाली, "धोतर नोको नेसू भाऊ, येनाचा पाला गुंडाळ. तो फुकट भेटते." सगळा बाजार हसला. मला हसता आलं नाही. मी तिथंच खाली बसलो.

तिचा नवरा चैतू. मागच्या पावसाळ्यात येनाच्या रानात त्याचा पाला खाणाऱ्या कोशाच्या किड्यांची राखण करायला गेला आणि हिवतापानं तिथंच आटोपला. मागावर कापड अर्धं राहिलं. आता यांची रीत ऐक. ज्यानं कापड सुरू केलं त्याचं नाव कापडाला लागते, आणि एका कापडाला दोन नावं चालत नाहीत. म्हणून मेलेल्याचं कापड पुरं करायला जो खड्ड्यात बसेल त्यानं मेलेल्याचं नाव घ्यायचं. कापड कापेपर्यंत साऱ्या गावानं त्याला त्याच नावानं बोलवायचं. आणि तोपर्यंत गेलेला माणूस गेला असं कुणी म्हणत नाही. गोकुळा आज ना नवऱ्याची, ना रांडव. कापड कापून येनाच्या झाडाला गुंडाळलं की ती मोकळी. मग कुणाशी पाट लावो नाहीतर न लावो.

चैतूला भाऊ नाही. परका कुणी मेलेल्याचं नाव अंगावर घ्यायला तयार नाही. म्हणून मी घेतो. दिवाळीपासून सोमाजीबाबाच्या मागावर हात बसवला आहे. सोमाजीबाबा इथला जाणता माणूस, धर्माचं सारं त्याच्याकडं. तो काल मला म्हणाला, "नाव घेशीन त राग ठेवा लागन बाहेर. तुह्यात जो राग हाये तो मुखरूचा व्हय. चैतू रागावत नोता."

मी म्हटलं, ठेवतो. कापड ते केवढं. पुरं करीन, कापीन, आणि गोकुळाला घेऊन मूलला येईन. तेव्हा तू दारात आडवा होशील का बाजूला सरशील ते ठरवून ठेव.

मुखरू


सावरबोडी
१४ मार्च

उमाभाऊ,

तुझं पत्र लटारूनं आणून दिलं. लटारू इथला गाडीवान, बाजाराच्या दिवशी सिंदेवाहीला जाते. लखोट्यावर तू मुखरू लिहिलंस. त्यानं ते नाव वाचून घेतलं, मग माझ्याकडं पाहून म्हणाला, "या नावाचा कोनी नाई गावात. तुह्याजवळ ठेवतो चैतू, भेटला त देजो." असं म्हणून हसला. थट्टाच होती. पण लखोटा हातात घेताना मला दुसऱ्याचं पत्र घेतल्यासारखं वाटलं.

चैतूच्या खड्ड्यात बसतो आहे. तो माझ्याहून बुटका असावा. पावड्या वर बांधलेल्या आहेत, माझे गुडघे मागाला लागतात. मी दोऱ्या सोडून खाली बांधायला गेलो तर सोमाजीबाबानं हात धरला. त्याचं कापड, त्याच्याच बांधणीवर. आता माझी पाठ वाकते. डाव्या पावडीवर त्याच्या अंगठ्यानं खळगी पडली आहे, तिथं माझा अंगठा बरोबर बसते. बसायची फळी सकाळी उतरतो तेव्हा कोमट लागते. चूल पलीकडेच आहे, तिची ऊब येत असेल.

चैतूची माय मंगली मला ताट वाढते. पहिल्या दिवशी झिंग्याची भाजी वाढली. तुला माहीत आहे, तलावातल्या झिंग्याचा वास आला तरी मी उठून जात होतो. मी सांगितलं, मला चालत नाही. म्हातारी म्हणाली, "काऊन? लहानपनापासून त तुले हेच लागे." मी खाल्ली. आता रोज खातो. चांगली लागते, भाऊ.

तू विचारतोस की ती बाई काय म्हणते. ती माझ्याशी बोलत नाही. ती चैतूशी बोलते. तीही रीतच आहे. मागच्या बाजूला बसून ती धोट्यात घालायच्या धाग्याच्या कांड्या भरते आणि नवऱ्याशी जे बोलायचं राहून गेलं ते बोलते. माझी पाठ तिच्याकडं. मान वळवायची नाही. पहिले कितीक दिवस नुसती भांडत होती. अंगात ताप असताना रानात काऊन गेला, जाताना घोंगडं काऊन नेलं नाही, तिच्या भावाच्या लग्नात तोंड फुगवून काऊन बसला होता. एकदा म्हणाली, "तुह्यापरीस बैल बरा. पाणी पाजलं त मान तरी हालवते." मला हसू आलं, पाठ हलली. मग तीही हसली. मी ते हसणं कान लावून ऐकलं.

चांगलं चाललं आहे. कापड वाढते आहे. मला घ्यायला येतो म्हणून लिहितोस. येऊ नको.

मुखरू


सावरबोडी
६ एप्रिल

उमाभाऊ,

मायला मी बरा आहे एवढंच सांग. बाकीचं तुझ्यापाशी.

गोकुळा आता भांडत नाही. आठवणी काढते. ती आणि चैतू लग्नानंतर नागभीडला छोट्या गाडीत बसून कसे गेले, तिकीट हरवलं म्हणून तो फलाटावर कसा धोतर झटकत बसला. रात्रीचं, पावसाचं, दोघांचंच जे असते तेही सांगते. मी खड्ड्यात बसून ऐकतो. हात चालवावा लागते. परक्या माणसाच्या बायकोनं त्याच्याविषयी इतकं गोड बोलावं, ते मला ऐकावं लागावं, आणि तोंडातून हूं काढायची सोय नाही.

परवा ती म्हणाली, "तुह्यावानी मानूस दुसरा भेटनार नाई." माझं डोकं फिरलं. तू ओळखतोस ते डोकं. मी पावडीवर पाय तसाच ठेवून, मागं वळून ओरडलो, "मी चैतू नाई. मी मुखरू व्हय. तुह्यासाठी कॉलेज सोडून आलो."

ताणा तुटला. एकदोन धागे नव्हेत, अख्खी पट्टी सुटून खाली आली. तू म्हणशील, जोरात वळलास म्हणून तुटला. मीही तेच म्हणतो. माझं कोपर लागलं असेल.

पण बाहेर सारा गाव गोळा झाला. माग बंद पडला की इथं चूल पेटवत नाहीत. सोमाजीबाबानं मला वर काढलं, पाय धुवायला लावले, आणि त्या दिवशी विणलेलं सगळं मलाच उसवायला बसवलं, कारण ते दुसऱ्या नावात गेलं. तुटलेला एकेक धागा जोडताना गोकुळा समोर होती. तिनं माझ्याकडं असं पाहिलं, जसं कुणी आपल्या घरात घुसलेल्या माणसाकडं पाहते. मंगलीनं त्या दिवशी ताट वाढलं नाही. रागानं नाही. तिनं दारात उभं राहून रस्त्याकडं पाहत विचारलं, "चैतू कुठी गेला व?" गोकुळा धागे जोडत राहिली.

मी उठून निघून यायला हवं होतं. पेटी भरलीही. मग म्हातारी पुन्हा पुन्हा दारात जाऊ लागली. तेव्हा मी पाय धुतले आणि खड्ड्यात उतरलो. पहिला खटका झाला तशी ती आत वळली आणि म्हणाली, "आला का रे."

मी हो म्हटलं, भाऊ. पण पावडीवरून पाय उचलून म्हटलं.

मु.


सावरबोडी
९ मे

उमाभाऊ,

तू लिहिलंस की माझं अक्षर बदललं. उन्हाळ्यानं शाई वाळते म्हणून असेल. किंवा पाठ वाकली त्यानं. आता वर आलो तरी सरळ होत नाही. लटारू म्हणते, मागून चालताना हुबेहूब.

बरं चाललं आहे. फार बरं चाललं आहे, म्हणून लिहायला झालं नाही. राग येत नाही आता. परवा एका दलालानं कोशाला नावं ठेवली, पूर्वी मी बुक्की घातली असती. मी नुसता हसलो. सगळे म्हणाले, चैतू तो चैतूच.

गोकुळा एक दिवस कांड्या भरता भरता थांबली. मागून येऊन तिनं माझ्या पाठीवर कपाळ टेकलं. मी हललो नाही, पावडीवर पाय होते. तसं किती वेळ राहिलो कोण जाणे. भाऊ, नागपूरला मी खोलीत पडून जे जे मनात आणलं होतं त्यातलं एकही त्याच्यासारखं नव्हतं. मला वाटलं, हे माझं आहे. मला वाटलं, आता बोललं पाहिजे.

इथलं नाव गावाच्या शिवेपर्यंतच लागते. म्हणून गेल्या बाजाराला मी मुद्दाम तिच्यासंगं सिंदेवाहीला गेलो. शीव ओलांडली, स्टेशनाजवळच्या चिंचेखाली ती बसली. मी पुढं जाऊन उभा राहिलो आणि मुखरू म्हणून बोललो. कापड कापल्यावर माझ्याशी पाट लाव म्हटलं. मूलला घर आहे, माय आहे, भाऊ रागीट आहे पण मनाचा साफ आहे म्हटलं.

तिनं पदर सारखा केला. परक्या पुरुषासमोर करतात तसा. मग अगदी नीट, कुठलाच टोमणा न मारता म्हणाली, "भाऊ, तुमी बरे असान. पन तुमाले मी कुठी वळखतो?"

मी म्हटलं, रोज तुझ्या घरात बसतो.

"तो त चैतू व्हय," ती म्हणाली.

परत येताना ती गाडीत तोंड फिरवून बसली. शीव ओलांडून आत आलो. लटारूनं बैलाला थोपवून पाण्याची तुंबडी काढली. तिनं ती घेऊन माझ्यापुढं केली आणि म्हणाली, "घे रे, घसा सुकला असन." त्याच आवाजात. पाठीवर कपाळ टेकलं तेव्हा जसा श्वास होता, तसाच.

मी पाणी प्यालो.

तुझा भाऊ


सावरबोडी
१० जून

उमाभाऊ,

तू ये. गाडी घेऊन ये. पुनवेला ये.

कापड संपत आलं. एक बोट राहिलं आहे. सोमाजीबाबानं पुनवेची सकाळ नेमली. तेव्हा कापायचं, सारं गाव येनाच्या झाडाशी जाईल, आणि माझं नाव मला परत मिळेल.

काल गोकुळा कांड्या सोडून खड्ड्याच्या काठावर येऊन बसली, समोर. असं बसत नाहीत. म्हणाली, "एक बोट राहू दे." मी विचारलं, किती दिवस? ती म्हणाली, "मी हावो तवर." कापड मागावर आहे तोपर्यंत तो गेला नाही, आणि तो गेला नाही तोपर्यंत मी इथं आहे. माझ्या ताटात वाढील, मी झोपीन तिथं अंथरूण घालील, उन्हाळ्यात पाणी देईल. सगळं देईल. मला म्हणून काहीच नाही, पण सगळं देईल.

मी धोटा खाली ठेवला. तेव्हा तिनं विचारलं, "तू कोन व्हय? सांग. पाय पावडीवर हायेत तुहे."

मी म्हटलं, "चैतू."

भाऊ, काहीच तुटलं नाही. एक धागासुद्धा नाही. मी ताण्याकडं पाहत राहिलो. वाऱ्यानं हलतात तेवढेही धागे हलले नाहीत. मुखरू म्हटलं तेव्हा पट्टीच्या पट्टी खाली आली होती. मी बसल्या जागी थरथर कापायला लागलो आणि तिला वाटलं, हिवताप. तिनं घोंगडं आणून माझ्या खांद्यावर टाकलं.

मी कापणार आहे. तिच्या तोंडाकडं पाहणार नाही आणि कापणार. ती मला भाऊ म्हणेल, म्हणू दे. मग मूलला येईन, मिलमध्ये तू म्हणशील तिथं बसीन, हमालांच्या देखत आणखी एक वाजव, हात पिरगाळणार नाही. फक्त पुनवेला ये. उशीर करू नको. तुझ्या हातचा मार खाल्लेलं ते पोरगं मला आता नीट आठवत नाही, तू पाहिलं की तुला तरी ओळखू येईल.

मुखरू. मुखरू. मुखरू.


सावरबोडी
जेठ, पुनव होऊन गेल्यावर

उमाजीभाऊ,

तुमची माही वळख नाई. मी चैतू, इथचा ताणेकरी. तुमचे भाऊ मुखरू आमच्या घरी राह्यत होते. ते गेले. कुठी गेले ते सांगून नाई गेले. पुनवेले तुमी आले नाई, बैल बिमार पडला असा तुमचा निरोप लटारूजवळ भेटला. आता त्याहिले घ्याले येनार हाये असं त्याच निरोपात हाये, म्हनून लिहितो. खेप फुकट जाईन.

त्याहिची पेटी लटारूच्या गाडीवर पाठवतो. आत पुस्तकं हायेत, ती कोनाले द्याची त्याले द्या. कोट हाये. तुमाले खांद्यात आटन, पन मायले सांगा का आतून कापड दाबलेलं हाये, उसवलं का जमन.

मानूस वाईट नोता. रागीट होता. पुनवेच्या सकाळी सारं गाव बाहेर उभं होतं आन् तो पाय धुऊन, सुरी घेऊन खड्ड्यात उतरला. गोकुळा समोर बसली. रडली नाई, हात धरला नाई. निस्ती पाहत होती. त्यानं सुरी ताण्यावर ठेवली. मंग बाजूले ठेवली. सोमाजीबाबा बाहेरून म्हने, काय झालं? तो मानूस वर आलाच नाई. मीच वर आलो. लोकाहिले सांगतलं, एक बोट उरलं हाये, घरी जा.

आता मी रोज बसतो. धोट्यात कांडी घालत नाई. रिकामा धोटा इकडून तिकडं जाते, खटका होते, बाया कपाळाले हात लावतात. कापड वाढत नाई. सोमाजीबाबा दारावरून जाताना थांबतात. रिकाम्या धोट्याचा आवाज हलका येते, त्याहिले कळते. पन आत येत नाईत. माय खुश हाये. गोकुळा मांगं बसून बोलते. बोलनं काई सरत नाई तिचं.

अक्षर तुमाले वळखीचं वाटन. मले लिहिता येत नाई. मुखरूनं जाता जाता लिहून देल्लं.

तुमच्या मायले सांगा का वाट पाहू नोको. नाई, असं नोका सांगू. शिकून राह्यला म्हना.

आन् तुमी आलेच, त या. भाकर खा, झिंग्याची भाजी खा, अंगनात बाज टाकून देतो. पन त्याचं नाव घेऊन हाक मारू नोका. मी खड्ड्यात असीन, पाय पावडीवर असतीन. तुमी हाक माराल, गोकुळा मांगं बसली असन, आन् मले कायतरी म्हना लागन. ओ म्हटलं काय, नाई म्हटलं काय, दोन्हीतलं कोनतं खरं ते मले आता सांगता येत नाई, उमाभाऊ. ताणा तेवढा सारा तुटन.

चैतू